वाद्यवृंदासह इटालियन प्रोग्रेसिव्ह रॉक लॉसलेस ध्वनीत ऐकताना: नव्या श्रोत्यासाठी क्रमवार मार्गदर्शन

इटालियन प्रोग्रेसिव्ह रॉकमध्ये, म्हणजे लांब आणि गुंतागुंतीच्या रचना करणाऱ्या रॉक संगीतात, वाद्यवृंद घेऊन केलेल्या तबकड्यांचा एक छोटा पण ठसठशीत गट आहे, आणि लॉसलेस, म्हणजे मूळ नोंदीतले काहीही न गमावता साठवलेला, ध्वनी म्हणजे नेमके काय हे शिकायला त्याच्याइतके चांगले साहित्य क्वचित मिळते. याचे कारण साधे आहे. इलेक्ट्रिक गिटार आणि ड्रम यांच्या दणक्यात फाइलमधील पुष्कळ दोष झाकले जातात. व्हायोलिनच्या ताफ्यात, बासरीच्या फुंकरीत आणि स्वर विरत जातानाच्या शांततेत ते उघडे पडतात. या संगीतात दोन्ही गोष्टी एकाच रचनेत, कधी कधी एकाच मिनिटात, शेजारी शेजारी येतात. म्हणून हा लेख यंत्रांच्या यादीने सुरू न करता एका तबकडीने सुरू केला आहे आणि शक्य तितका तिच्याच आधाराने पुढे नेला आहे.

पहिली पायरी: एकच तबकडी निवडा

ती तबकडी म्हणजे न्यू ट्रोल्स या जेनोव्हा शहरातील बॅन्डची, १९७१ साली फोनित चेत्रा कंपनीने प्रसिद्ध केलेली ‘कॉन्चेर्तो ग्रोस्सो पेर इ न्यू ट्रोल्स’. तिच्या पहिल्या बाजूवरील संगीत लुईस बाकालोव यांनी त्याच वर्षीच्या ‘ला वित्तिमा देझिन्याता’ या चित्रपटाच्या निमित्ताने रचले. बाकालोव जन्माने अर्जेंटिनाचे, ब्युनोस आयर्सचे. इटलीत स्थायिक होऊन त्यांनी चित्रपटसंगीतात नाव कमावले आणि पुढे ‘इल पोस्तिनो’साठी त्यांना ऑस्करही मिळाले.

कॉन्चेर्तो ग्रोस्सो हा सतराव्या-अठराव्या शतकातील बरोक संगीताचा प्रकार आहे. त्यात मोजक्या वादकांचा लहान गट आणि पूर्ण वाद्यवृंद यांच्यात देवघेव चालते. कीर्तनात बुवांनी टाकलेली ओळ मागचे झीलकरी उचलतात, तिला भरदार करून परत देतात, तेव्हा आपला कान जसा दोन्हीकडे लागलेला असतो, तसेच काहीसे येथे घडते. बाकालोव यांची कल्पना अशी की, या लहान गटाच्या जागी थेट रॉक बॅन्ड बसवायचा. त्यामुळे या तबकडीत वाद्यवृंद हा गाण्यामागचा पडदा राहत नाही. तो बोलणारा दुसरा पक्ष असतो. हे लक्षात ठेवले तर लॉसलेसचा खटाटोप कशासाठी, हे पुढे वेगळे सांगावे लागणार नाही.

शोध घेताना एक अडचण हमखास येते, ती वर्तनीची. इटालियनमध्ये ‘च’ हा उच्चार ‘सी’ या अक्षरापुढे ‘ई’ किंवा ‘आय’ आल्याने होतो, आणि ‘त्सिओने’ असे ऐकू येणारे शब्द ‘झेड’ अक्षराने लिहिलेले असतात. म्हणून उच्चारावरून अंदाजाने टंकण्यापेक्षा बॅन्डचे नाव आणि वर्ष घालून शोधणे सोपे जाते. याच बॅन्डने १९७६ साली याच नावाचा दुसरा भाग काढला, दोन्ही भाग एकत्र असलेल्या सीडी आहेत आणि मैफलीतील ध्वनिमुद्रणेही आहेत. तेव्हा हाती आलेली वस्तू १९७१च्या ध्वनिमुद्रणाचीच आहे ना, हे आधी तपासावे. माझी स्वतःची पहिली खरेदी भलत्याच आवृत्तीची झाली होती आणि ते कळायला मला दोन आठवडे लागले.

दुसरी पायरी: लॉसलेस म्हणजे काय, ते एकदा नीट समजून घ्या

सीडीवर प्रत्येक सेकंदाला, डाव्या आणि उजव्या अशा प्रत्येक बाजूच्या आवाजासाठी, ४४,१०० नोंदी असतात आणि प्रत्येक नोंद १६ बिटांची असते. दोन्ही बाजू धरून हा प्रवाह सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट होतो. म्हणजे तासाभराचे संगीत साधारण ६३५ मेगाबाइट जागा घेते. एमपी३ ही जागा वाचवण्यासाठी माणसाच्या कानाच्या मर्यादांचा आधार घेते: मोठ्या आवाजाच्या सावलीत जो लहान आवाज ऐकू येणार नाही असे तिचे गणित सांगते, त्याची नोंद ती ढोबळ करते किंवा टाकून देते. तिची कमाल मर्यादा सेकंदाला ३२० किलोबिट आहे, आणि टाकलेला भाग पुन्हा कधीही परत मिळत नाही.

फ्लॅक ही २००१ साली आलेली, सर्वांना मोफत वापरता येणारी पद्धत वेगळ्या वाटेने जाते. दुधाचा हिशोब भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर ठेवणारी गृहिणी रोज ‘एक लिटर’ असे लिहीत बसत नाही. बारा तारखेला दीड लिटर घेतले आणि वीस तारखेला खाडा झाला, एवढेच ती लिहिते, आणि महिनाअखेरीस त्या दोन खुणांवरून पूर्ण महिन्याचा हिशोब थेंबभरही न चुकता उभा राहतो. फ्लॅकही मागील नोंदींवरून पुढील नोंदीचा अंदाज बांधते आणि अंदाज जेवढा चुकला तेवढेच लिहून ठेवते. वाजवताना मूळ आकडे जसेच्या तसे परत मिळतात आणि जागा मात्र बहुधा निम्म्याच्या आसपास लागते. अ‍ॅपलची अ‍ॅलॅक ही पद्धतही याच जातीची आहे. दोहोंच्या ध्वनीत काहीही फरक नाही, तेव्हा त्या वादात वेळ घालवू नये.

आता २४ बिट आणि १९२ किलोहर्ट्झ (म्हणजे सेकंदाला १,९२,००० नोंदी) अशा मोठ्या आकड्यांविषयी माझे स्पष्ट मत सांगतो. १६ बिटांत सर्वांत हळू आवाजापासून सर्वांत मोठ्या आवाजापर्यंत सुमारे ९६ डेसिबलचा पल्ला मावतो, आणि १९७१च्या सुमारास स्टुडिओत वापरल्या जाणाऱ्या चुंबकीय फितीचा पल्ला त्याहून कमीच होता. फितीची सरसर त्या पल्ल्याच्या आतच ऐकू येते. ध्वनिमुद्रण व मिश्रण करताना जास्त बिट उपयोगी पडतात, हे खरे. पण तयार तबकडी ऐकण्यासाठी सीडीची गुणवत्ता या संगीताला पुरेशी आहे. मोठ्या आकड्याची फाइल चांगली वाजली, तर बहुतेक वेळा तिचे कारण ती वेगळ्या आणि अधिक काळजीने केलेल्या मास्टरवरून, म्हणजे अंतिम मूळ प्रतीवरून, बनवलेली असते, हे असते. उलट, काही नव्या आवृत्त्यांत सगळा आवाज वर ओढून सपाट केलेला असतो. अशा आवृत्तीत वाद्यवृंदाचा हळू भाग आणि बॅन्डचा जोरकस भाग जवळजवळ एकाच उंचीवर येतात आणि कॉन्चेर्तो ग्रोस्सोचा मुद्दाच नाहीसा होतो. त्यापेक्षा जुनी, साधी, थोडी हळू वाजणारी सीडी कितीतरी बरी.

तिसरी पायरी: फाइल मिळवा

मार्ग तीन आहेत. पहिला स्ट्रीमिंगचा. उदाहरणार्थ, अ‍ॅपल म्युझिकने २०२१पासून आपल्या संग्रहाला लॉसलेस रूप दिले, मात्र सेटिंगमध्ये ध्वनिगुणवत्तेच्या रकान्यात जाऊन ते स्वतः सुरू करावे लागते. या पद्धतीत कोणती आवृत्ती वाजते आहे, हे निवडण्याचा हक्क तुमच्याकडे पुरता राहत नाही. दुसरा मार्ग फाइल विकत घेण्याचा. बॅन्डकॅम्पसारख्या ठिकाणी खरेदीनंतर फ्लॅक निवडता येते, आणि आजच्या इटालियन बॅन्डसाठी हा मार्ग विशेष सोयीचा आहे.

तिसरा मार्ग सीडी घेऊन तिच्यावरून स्वतः फ्लॅक बनवण्याचा. मला तोच सर्वांत भरवशाचा वाटतो. लॅपटॉपमध्ये हल्ली सीडी घालायची सोय नसते, त्यामुळे यूएसबीने जोडायचा बाहेरचा ड्राइव्ह लागतो. विन्डोजवर ‘एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी’ आणि मॅकवर ‘एक्सएलडी’ या मोफत आज्ञावली हे काम करतात. साधी आज्ञावली सीडीवरचा ओरखडा अंदाजाने भरून पुढे जाते. या दोन्ही मात्र शंकास्पद जागा पुन्हा पुन्हा वाचतात आणि शेवटी ‘अ‍ॅक्युरेटरिप’ या सामायिक नोंदवहीत, जगभरातील इतरांनी त्याच सीडीवरून काढलेल्या फाइलींशी तुमच्या फाइलीतील आकड्यांची बेरीज जुळते का, ते पाहतात. माझ्या वापरलेल्या सीडीवर पहिले दोन ट्रॅक सुरळीत जुळले, तिसऱ्याला वेग एकदम मंदावला, ड्राइव्ह घरघरू लागला आणि शेवटी ‘जुळत नाही’ असा शेरा आला. सीडी उजेडाखाली तिरकी धरली तर तिच्यावर कुणाच्या तरी अंगठ्याचा तेलकट ठसा होता. मऊ, किंचित ओलसर कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ रेषेत पुसून, गोल न फिरवता, ती पुन्हा घातली आणि बेरीज जुळली. हे काम एकदाच करायचे असते. पण करताना घाई करू नये.

चौथी पायरी: फाइल खरोखर लॉसलेस आहे का, ते पाहा

फाइलीच्या नावापुढे फ्लॅक लिहिलेले असणे हा पुरावा नव्हे. एमपी३ उलगडून तिच्यापासून फ्लॅक बनवता येते; ती जागा जास्त घेते, पण गेलेला भाग तिच्यात नसतोच. फळांच्या रसात पाणी घालून पेला काठोकाठ भरण्यासारखाच हा प्रकार. एका विक्रेत्याकडून मी ‘२४ बिट’ असा शिक्का असलेली एक फाइल घेतली होती. ध्वनीतल्या खालच्या-वरच्या कंपनसंख्यांचे चित्र काढणाऱ्या ‘स्पेक’ नावाच्या छोट्या मोफत आज्ञावलीत ती उघडली, तर चित्रात १६ किलोहर्ट्झ कंपनसंख्येच्या वर सगळे काळेभोर आणि ती सीमा सुरीने कापल्यासारखी सरळ, शांत भागातही आणि दणक्यातही त्याच उंचीवर. सेकंदाला कमी किलोबिट असलेल्या एमपी३ची ही ओळखीची खूण आहे.

येथे मात्र सावधगिरी हवी. जुन्या ध्वनिमुद्रणात १६ किलोहर्ट्झच्या वर मुळातच फारसे काही नसू शकते. फरक कडेच्या स्वरूपात असतो. फितीवरील खरा ध्वनी वर जाताना धुक्यासारखा विरत जातो, झांजेचा आघात आला की काही ठिपके वर उसळतात, आणि सरसरीची फिकट झाक सगळीकडे पसरलेली दिसते. कापलेल्या फाइलीत यातले काहीच सीमेपलीकडे जात नाही. चित्र पाहून शंका आली तर लगेच कुणावर आरोप करू नये, त्याच तबकडीची दुसरी प्रत पाहावी.

पाचवी पायरी: वाजवण्याची वाट मोकळी करा

ब्लूटूथ हेडफोनवर फाइल बहुधा पुन्हा एकदा दाबली जाते. सोनीची एलडॅक ही चांगल्यापैकी पद्धतही जास्तीत जास्त ९९० किलोबिट वाहून नेते आणि ती लॉसलेस नाही. म्हणून या कामासाठी तारेचा हेडफोन वापरावा. फोनला तारेची खाच नसेल, तर यूएसबीला लावायचा लहान डॅक घ्यावा. डॅक म्हणजे आकड्यांचे विद्युत्-लहरींत रूपांतर करणारे यंत्र. अगदी साध्या किमतीचा डॅकही हे काम नीट करतो, आणि उरलेले पैसे हेडफोनवर खर्च करणे शहाणपणाचे, कारण ऐकू येणारा फरक तेथे अधिक असतो.

यानंतर फोनमधील व संगणकातील सर्व ‘सुधारणा’ बंद कराव्यात: इक्वलायझर, बास वाढवणारी कळ, डॉल्बीचा परिणाम. क्रॉसफेड तर आवर्जून बंद करावे, कारण ते एका भागाची शेपटी आणि दुसऱ्याचे डोके एकमेकांत मिसळून टाकते. त्याऐवजी गॅपलेस, म्हणजे दोन भागांत खंड न पडू देता, वाजवणे सुरू करावे. या संगीतात ही बाब नाममात्र नाही. इल रोवेश्यो देल्ला मेदाल्या या बॅन्डची १९७३ची ‘कोन्तामिनात्सिओने’ अनेक भागांत विभागलेली असली तरी सलग वाहते, आणि एमपी३ बनवताना फाइलीच्या दोन्ही टोकांना शांततेची जी भर पडते तिच्यामुळे मध्येच बारीक उचकी लागल्यासारखे होते. फ्लॅकमध्ये असे घडत नाही. संगणकावर ‘फूबार २०००’ हा साधा, मोफत वादक पुरेसा आहे.

आणि पंखा. आपल्याकडे घरात छताचा पंखा फुल्लवर असताना कोणतीही लॉसलेस फाइल अर्धी वाया जाते. रात्री उशिरा, पंखा एकवर ठेवून किंवा पंधरा मिनिटे सरळ बंद करून बसावे.

सहावी पायरी: आता ऐका, पण कशासाठी हे ठरवून

पहिल्या बाजूवर चार भाग आहेत: अल्लेग्रो, अदाजिओ, कादेन्झा आणि शॅडोज. प्रथम सारे सलग ऐकावे, कशाकडेही मुद्दाम लक्ष न देता. दुसऱ्या वेळी अल्लेग्रोत एवढेच पाहावे की तंतुवाद्यांचा ताफा एकसंध भिंतीसारखा ऐकू येतो की त्यात अनेक गज हलताना जाणवतात. मुंबईच्या हिंदी चित्रपटसंगीतातील व्हायोलिनचे ताफे, ज्यांत गोव्याच्या वादकांचा मोठा वाटा होता, ज्यांच्या कानावर लहानपणापासून पडले आहेत, त्यांना हा फरक चटकन सापडतो. दबलेल्या फाइलीत तो ताफा चकचकीत पण सपाट होतो.

कादेन्झाच्या आरंभी एकटे व्हायोलिन येते. येथे आवाज वाढवण्याचा मोह टाळून, गज तारेवर टेकण्याचा क्षण आणि स्वर संपल्यावर खोलीत उरणारी त्याची आस, या दोन टोकांवर कान ठेवावा. एमपी३ ध्वनीचे लहान लहान तुकडे करून हिशोब करते. त्यामुळे शांततेतून अचानक येणाऱ्या आघाताच्या आधी कधी कधी एक धूसर सावली पडते. कमी किलोबिटच्या फाइलीत ती स्पष्ट ऐकू येते, ३२०ला क्वचितच.

अदाजिओ आणि शॅडोज हे दोन भाग एकापाठोपाठ ऐकण्यासारखे आहेत. दोन्हींत तीच मूळ धून, तेच हॅम्लेटच्या स्वगतातून घेतलेले मरणाचे आणि निद्रेचे शब्द. पण पहिल्यात तंतुवाद्ये तिला उचलून धरतात, तर जिमी हेन्ड्रिक्सला अर्पण केलेल्या दुसऱ्यात ती बासरी आणि इलेक्ट्रिक गिटारच्या अंगाने जाते. एकाच धुनेची ही दोन अंगे लॉसलेसमध्ये किती वेगळी भासतात, हे टिपून ठेवावे.

मग स्वतःची परीक्षा घ्यावी. फूबारला एबीएक्स तुलनेची जोड बसवता येते. तिच्यात स्वतःच्याच फ्लॅकवरून बनवलेली एमपी३ आणि ती फ्लॅक, कोणती कोणती हे न कळता वाजवता येते. दोन्हींचा आवाज समान उंचीवर हवा, कारण किंचित मोठा आवाज नेहमीच ‘अधिक चांगला’ वाटतो. सोळा फेऱ्या कराव्यात. १२८ किलोबिटला तुम्ही कदाचित जिंकाल. ३२०ला माझ्यासह बहुतेक लोक अंदाजच करत राहतात. तरीही मी फ्लॅक ठेवतो, कारण मूळ प्रत हाताशी असली की तिच्यावरून पुढे हवे ते रूप बनवता येते, एमपी३वरून मात्र मागे जाता येत नाही.

सातवी पायरी: पुढच्या तबकड्या

तबकडीची दुसरी बाजू ‘नेल्ला साला वुओता’ म्हणजे ‘रिकाम्या दालनात’ या नावाची, सुमारे वीस मिनिटांची, बॅन्डने एकट्याने केलेली उत्स्फूर्त मांडणी आहे. ती सर्वांनाच आवडते असे नाही, मलाही ती लांबलेली वाटते. पण वाद्यवृंद गेल्यावर त्याच बॅन्डचा ध्वनी कसा बदलतो, ते ऐकायला तिच्यासारखी जागा नाही.

यानंतर बाकालोव यांच्याच मागे जावे. नापोलीच्या ओसान्ना या बॅन्डने त्यांच्यासह १९७२ साली ‘मिलानो कालिब्रो ९’ या चित्रपटाचे संगीत केले. ते अधिक काळोखे आणि खरखरीत आहे, आणि तेथे बॅन्ड वाद्यवृंदाला नमते घेत नाही. वर आलेल्या ‘कोन्तामिनात्सिओने’त बाकालोव आणि इल रोवेश्यो देल्ला मेदाल्या यांनी बाखच्या ‘वेल टेम्पर्ड क्लॅव्हिअर’मधील कल्पना घेतल्या आहेत; तिच्यात पकड बसायला तीन-चार वेळा ऐकणे लागते. रोमच्या बांको देल मूतुओ सोक्कोर्सो या बॅन्डची १९७८ची ‘दी तेर्रा’ पूर्णपणे वाद्यसंगीताची आहे. गायक असूनही गायन नाही, मात्र रचनांची शीर्षके ओळीने वाचली की त्यांची कविता होते. माझ्या मते वाद्यवृंद आणि बॅन्ड यांचा सांधा सर्वांत कमी दिसतो तो येथे. प्रेमियाता फोर्नेरिया मार्कोनीने २०१३ साली वाद्यवृंदासह केलेले ‘पीएफएम इन क्लासिक’ हे आधुनिक ध्वनिमुद्रण शेवटी ऐकावे, म्हणजे चाळीस वर्षांत फितीची सरसर जाऊन काय आले आणि काय हरवले, ते कळेल.

एक गफलत मात्र या प्रवासात सर्वांची होते. या काळातील अनेक तबकड्यांत, उदाहरणार्थ मुझेओ रोझेनबाकच्या १९७३च्या ‘झरथुस्त्र’मध्ये, ज्याला आपण व्हायोलिनचा ताफा समजतो तो मेलोट्रॉन असतो. या इंग्रजी बनावटीच्या पेटीत प्रत्येक पट्टीखाली ध्वनिफितीचा एक तुकडा असतो, पट्टी दाबली की तो फिरतो आणि सुमारे आठ सेकंदांत संपतो. मग बोट उचलावेच लागते. लॉसलेस फाइलीत त्या फितीची किंचित थरथर आणि स्वर सुरू होतानाची हलकी धाप स्पष्ट ऐकू येते. शंका आली की लांबलेला स्वर धरून मनात आठपर्यंत मोजावे.